खलीलच्या टेबलासमोरची रांग

मला खलीलचा हेवा वाटायचा. 'वाटायचा' म्हणणं खोटं आहे, अजूनही वाटतो. अशा दिवाळी अंकांत लोक आपल्या धंद्याबद्दल लिहितात तेव्हा आधी कष्ट, मग यश आणि शेवटी थोरामोठ्यांचे आभार असा क्रम असतो. माझ्याकडे सांगण्यासारखा एक हेवाच आहे. शहागंजातल्या एका गल्लीत मी तो बारा वर्षं खाऊपिऊ घालून वाढवला.

आधी धंदा काय होता ते सांगतो, कारण माझ्या नातवाला तो ऐकून हसू येतं. साधे बटणांचे फोन नुकतेच गाणी वाजवायला लागले होते, पण फोनमध्ये गाणी आणायची कुठून हे लोकांना ठाऊक नव्हतं. इंटरनेट महाग, कळायला अवघड आणि गावाकडे तर नाहीच. मग माणसं आमच्याकडे यायची. फोनच्या पाठीचं झाकण काढायचं, बॅटरी काढायची, तिच्याखालचं नखाएवढं मेमरी कार्ड बाहेर घेऊन संगणकाला जोडायचं आणि त्यात गाणी भरून परत द्यायचं. याला 'कार्ड भरणं' म्हणत. एकदा भरलं की दर महिन्याला कोणाला काही द्यायला नको. फोन पाण्यात पडेपर्यंत गाणी तुमची.

तुमची म्हणजे तरी काय. ज्यांनी ती लिहिली आणि गायली त्यांच्यापर्यंत आमच्याकडून कधी काही पोचलं नाही. तेव्हा कोणी तसा विचारच करत नव्हतं, असं म्हणून मला सुटता येईल. पण मी विचार केला होता आणि बाजूला ठेवला होता. लिहायला बसलोच आहे तर तेही लिहून ठेवतो.

माझे वडील कचेरीत कारकून होते. मुलानं बँकेत चिकटावं एवढंच त्यांचं म्हणणं. मी आयटीआय करून रेडिओ दुरुस्तीत शिरलो आणि तिथून या धंद्यात आलो. मुलगा लोकांची गाणी भरून देतो, हे ते पाहुण्यांना शेवटपर्यंत सांगू शकले नाहीत. "संगणकाचं काहीतरी करतो," म्हणायचे. म्हणूनच असेल, मी दुकान मात्र बँकेसारखं ठेवलं. काचेचं दार, कूलर, दोन संगणक, बसायला खुर्च्या. जुनी गाणी, नवी गाणी, भावगीतं, भजनं, भीमगीतं, कव्वाल्या, लावण्या, सगळं वेगवेगळ्या फोल्डरमध्ये, वर्षवार लावलेलं. एवढा साठा आणि एवढी शिस्त साऱ्या गल्लीत कोणाकडे नव्हती. त्या वेळच्या गिऱ्हाइकांना विचारा. म्हणजे जी माझ्याकडे यायची त्यांना.

बाकीची समोर जायची. समोरच्या कापड दुकानाच्या जिन्याखाली खलीलचं एक टेबल होतं. त्यावर एक जुना संगणक, त्याचा पंखा सतत घरघरायचा. शेजारी उर्दूत काहीबाही लिहिलेली एक वही. खलील माझ्याच वयाचा, पूर्वी कॅसेटी भरून द्यायचा. खुर्ची एकच, ती त्याची. गिऱ्हाईक उन्हात उभं. आणि त्या उन्हात कायम सहा-सात माणसं उभी असायची.

मी कूलरच्या गार हवेत बसून ती बघायचो. मान वळवून सारखं बघणं बरं दिसत नाही, म्हणून मी काउंटरमागच्या भिंतीवर एक आरसा लावला. गिऱ्हाइकांना केस विंचरायला, असं सांगायचो. खरं तर मी दाराकडे पाठ करून संगणकावर बसलो तरी त्यात मला खलीलचं टेबल दिसायचं. आरसा जरा तिरका बसला होता, त्यामुळे टेबल अर्धंच दिसायचं. तेवढं मला पुरायचं.

कन्नड तालुक्यातल्या एका ड्रायव्हरची गोष्ट सांगतो. उसाचा ट्रक चालवायचा. माझ्याकडे येऊन म्हणाला, "एकच गाणं पायजे, चाळीस वेळा भरा." मी हसलो. त्याला समजावलं की फोनमध्ये तेच गाणं पुन्हा पुन्हा वाजवायची सोय असते, मी दाखवतो. तो म्हणाला, "तुम्ही दाखवाल व्हो. घाटात एक हात गिअरवर अन् एक स्टेरिंगवर असतोय, बटन कुठल्या हातानं दाबू?" मी म्हणालो, एका गाण्यानं चाळीस वेळा जागा अडवणं हे शास्त्राला धरून नाही. खरंच मी शास्त्र हा शब्द वापरला. तो उठला आणि समोर गेला. आरशात दिसलं, खलीलनं त्याला कसलाही उपदेश केला नाही. चाळीस वेळा भरून दिलं आणि वहीत काहीतरी टिपून घेतलं.

पुढच्या महिन्यात तो ड्रायव्हर आणखी चार ड्रायव्हर घेऊन आला. समोर.

यापेक्षा मोठा घाव घरात बसला. माझी बायको सुनंदा हिच्या फोनमध्ये मी स्वतः आठशे गाणी भरून दिली होती, सगळी उत्तम आवाजाची. एके दिवशी सकाळी देवघरातून गाणं ऐकू आलं आणि माझ्या लक्षात आलं की ही प्रत माझ्या साठ्यातली नाही. माझ्या प्रतीत सुरुवातीची खरखर काढलेली होती.

"हे कुठून आणलंस?" मी विचारलं.

"खलीलभाईंकडून," ती फुलं वाहता वाहता म्हणाली. "तुम्ही जेवायला घरी आला होतात तेव्हा गेले होते."

"मी आठशे गाणी दिली होती की."

"अहो, आठशे गाणी मी सांभाळू का ऐकू? त्यांनी विचारलं, वहिनी, पूजेला किती वेळ लागतो? तेवढीच दिली. आरती संपली की बरोबर संपतं."

मी चहा न घेता दुकानात गेलो. खलील गोड बोलून माणसं बांधतो, असं मी स्वतःला समजावलं. वहिनी काय, पूजा काय. आम्ही आपले सरळ, नवी हवीत का जुनी एवढंच विचारणारे. दिवसभर मी आरशाकडे पाहिलं नाही. संध्याकाळी पाहिलं.

आता गयाबाईंबद्दल लिहायला हवं. हे सगळं त्यांच्यासाठीच लिहायला घेतलं आणि इतका वेळ मी टाळत होतो.

गयाबाई बिडकीनच्या. साठीच्या आसपास वय. मुलांच्या एका वसतिगृहात त्या पहाटेपासून चपात्या लाटायच्या. त्या खलीलचं जुनं गिऱ्हाईक, आरशात मी त्यांना कैकदा पाहिलं होतं. त्या आठवड्यात खलील भाचीच्या लग्नाला कन्नडला गेला होता आणि टेबलावर ताडपत्री बांधलेली होती. गयाबाईंनी ताडपत्री पाहिली, इकडंतिकडं पाहिलं आणि काचेचं दार ढकलून आत आल्या.

"दादा, गाणं मधीच थांबायलंय. खलीलभाई नायत. तुम्ही बघता का?"

मला काय आनंद झाला म्हणून सांगू. मी त्यांना खुर्ची दिली, माठातलं पाणी दिलं. फोन उघडला. कार्डाच्या खाचेत कणीक बसली होती, कोरडं पांढरं पीठ. फडक्यानं पुसलं, कार्ड परत बसवलं, आणि गाणं न अडकता वाजायला लागलं. काम झालं होतं. तिथंच मी फोन त्यांच्या हातात दिला असता तर ही गोष्ट लिहावी लागली नसती.

पण कार्ड हातात होतं, आणि ते खलीलनं भरलेलं होतं. एवढ्या माणसांना उन्हात उभं करणारं त्याच्या कार्डात असतं तरी काय, हे मला पाहायचं होतं. मी ते संगणकाला जोडलं. आत एकोणीस गाणी. चार जीबीच्या कार्डात एकोणीस. नावं सुद्धा नाहीत, नुसते आकडे, एक ते एकोणीस. ना फोल्डर, ना वर्ष. शेवटची फाइल तर गाण्याचीही नव्हती. फोनवर कोणीतरी काहीतरी रेकॉर्ड केलेलं असतं तसली होती.

आमच्या धंद्यात एक नियम होता. गिऱ्हाइकाचं कार्ड पुसायचं असेल तर आधी त्यातलं सगळं बाजूला काढून ठेवायचं, किंवा निदान विचारायचं. मी हा नियम नव्या पोरांना शिकवलेला आहे. त्या दिवशी मी विचारलं नाही. "मावशी, थांबा, तुम्हाला एकदम फर्स्टक्लास करून देतो," म्हणालो, कार्ड साफ पुसलं आणि काठोकाठ भरलं. आठशे गाणी, भीमगीतांचं वेगळं फोल्डर, भजनांचं वेगळं. खलील परत येईल आणि या बाईच्या फोनमधून माझी गाणी वाजतील, हे चित्र माझ्या डोळ्यांपुढं होतं. पैसे घेतले नाहीत. गयाबाई आशीर्वाद देऊन गेल्या.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्या परत आल्या. खुर्चीवर बसल्या नाहीत. फोन काउंटरवर ठेवला.

"दादा, ह्याच्यात आमचे मालक व्हते. सापडना गेलेत."

मला कळलं नाही. मग त्यांनी सांगितलं. त्यांचे मालक, म्हणजे नवरा, गावातल्या गायन पार्टीत म्हणायचे. जयंतीच्या कार्यक्रमात एकदा पुतण्यानं त्यांचं गाणं फोनवर धरून ठेवलं होतं. वर्षभरापूर्वी ते गेले. पुतण्याचा फोन त्याआधीच चोरीला गेला होता. त्यांच्या आवाजाचं एवढंच एक उरलं होतं, आणि ते खलीलनं गाण्यांच्या शेवटी लावून दिलं होतं.

"लई गाणी दिली तुम्ही," त्या म्हणाल्या. "नाय म्हणत नाय म्या. पण ते नाय ह्याच्यात."

मी म्हणालो, "दोन दिवस द्या, मावशी. काढतो."

आता हेही साध्या भाषेत सांगतो. कार्ड पुसलं म्हणजे आतलं लगेच नाहीसं होत नाही. फक्त कुठं काय ठेवलंय याची यादी फाटते. सामान घरातच असतं आणि खटपट केली तर सापडतं. पण त्याच जागेवर नवं सामान भरलं की जुनं कायमचं गेलं. मी पन्नास गाणी टाकली असती तर तो आवाज परत आणता आला असता. मी आठशे टाकली होती. बढाईपायी एक कोपरा मोकळा ठेवला नव्हता. दीड दिवस मी सगळे उपाय केले. काही कोरे तुकडे हाताला लागले, आवाज नाही.

आमच्या त्या दुकानांत परक्यांच्या गाण्यांचे डोंगर होते. खरोखर एखाद्या माणसाचं स्वतःचं असं एकच गाणं माझ्या हाताखालून गेलं असेल, आणि तेच मी पुसलं.

तिसऱ्या दिवशी समोरची ताडपत्री निघाली. खलीलचा फोन नंबर माझ्याकडे नव्हता. इतक्या वर्षांत मी तो घेतलाच नव्हता. गल्ली ओलांडायला पंधरा पावलं लागतात, मी ती प्रथमच टाकली. रांगेतल्या लोकांनी मला वाट करून दिली. मी काहीतरी तक्रार घेऊन आलोय असं त्यांना वाटलं असावं.

खलील उठून उभा राहिला आणि आपली खुर्ची मला दिली. "आओ साब, बैठो. चाय बोलता मैं."

मी बसलो. चहा आला, संपला. भाचीच्या लग्नाची चौकशी झाली. मग मी एकदाचं सांगून टाकलं. कणीक पुसली इथपासून आठशे गाण्यांपर्यंत सगळं. ओरडला असता तर बरं वाटलं असतं. तो मात्र वही चाळत होता.

"बिडकीनवाली मावशी," तो म्हणाला. "है ना साब, है. कायको घाबरते." आणि त्यानं संगणकावर एक फोल्डर उघडलं. त्याच्याकडे आलेलं प्रत्येक कार्ड तो आधी जसंच्या तसं उतरवून ठेवायचा. प्रत्येक गिऱ्हाइकाच्या नावानं. कार्डाचा भरवसा नाही म्हणाला, माणूस विसरतो त्यात काय काय ठेवलंय ते. त्या घरघरणाऱ्या डब्यात शेकडो नावं होती. माझ्याकडे साठा गाण्यांचा होता आणि याच्याकडे माणसांचा, हे मला तिथं बसल्या बसल्या दिसलं. आणि लिहायला लाज वाटते, पण त्या क्षणी मला सुटल्यासारखं वाटण्याआधी जळफळाटच झाला.

"पूरा ले जाओ, साब. उन्नीस के उन्नीस."

"नको," मी म्हणालो. "ते शेवटचं एक पुरे. बाकीची सगळी माझ्याकडे आहेत."

त्यानं माझ्याकडे जरा पाहिलं आणि ते एक दिलं. मी उठलो तेव्हा हळू आवाजात म्हणाला, "मावशीको मेरा नाम मत बोलो. तुमच्याकडे गेलं होतं, तुमच्याकडेच सापडलं. तिला बरं वाटेल." माझी अब्रू राखायची आणि तीही असं दाखवून की तो हे त्या बाईसाठी करतोय. एवढं चांगलं कोणी असूच नये, असं मला वाटलं.

दुकानात येऊन मी ते ऐकलं. ढोलकी लांबून, मध्येच एक मूल खोकतं, कोणीतरी "माईक जवळ घ्या" म्हणतं. आवाज फाटका होता, वरच्या सुराला पोचत नव्हता आणि तिथं पोचायचं सोडतही नव्हता. मी ते पूर्ण ऐकलं. मग गयाबाईंच्या कार्डात सगळ्यांत पहिलं लावलं, म्हणजे फोन सुरू केला की लगेच.

गयाबाई आल्या. फोन कानाला लावून, डोळे मिटून उभ्या राहिल्या. गाणं संपेपर्यंत हलल्या नाहीत. डोळे पुसले, माझ्या दोन्ही हातांना हात लावला. मी वाट पाहत होतो, आता त्या काहीतरी बोलतील.

"दादा, हे पहिलं का लावलं?"

"तुम्हाला लगेच मिळावं म्हणून."

"पहिलं नाय लावायचं ते," त्या म्हणाल्या आणि लहान मुलाला सांगावं तसं सांगू लागल्या. फोन वर फळीवर ठेवलेला असतो. हात कणकेत, बटन दाबता येत नाही, जे वाजेल ते वाजेल. चौथ्या गाण्याला तवा टाकायचा. अकरावं लागलं की निम्मी कणीक संपलेली पाहिजे, नाही तर पोरांना शाळेला उशीर. अठराव्याला शेवटची चपाती उतरते. मग त्या हात धुतात, पदराला पुसतात, खाली बसतात. तेव्हा एकोणिसावं लागतं.

"कणकंच्या हातानं त्यांचं कसं ऐकू?" त्या म्हणाल्या. "बसून ऐकायचं असतंय ते."

मी विचारलं, "मग बाकीची अठरा कोणती, कशामागून कशी?"

"ते मला काय ठाव. खलीलभाईला ठाव हाय."

त्या साध्या फोनांत गाणी ज्या क्रमानं भरली त्याच क्रमानं वाजत. सगळी एकदम उचलून टाकली की क्रम कसाही व्हायचा, मी तशीच टाकायचो. खलील एकेक टाकायचा. मला ही गोष्ट ठाऊक होती, पण तिच्यात काही अर्थ असेल असं कधी वाटलं नव्हतं. आणि कालच तो एकोणीसच्या एकोणीस देत असताना मी नको म्हणालो होतो.

मला मागच्या दारानं जाऊन खलीलकडून गुपचूप ती यादी आणता आली असती. तोही बोलला नसता. पण बाईचे हात अजून माझ्या हातांवर होते. मी म्हणालो, "मावशी, हे गाणं मला सापडलेलं नाही. मी पुसलं होतं. खलीलनं दिलं. चला." आणि त्यांना घेऊन गल्ली ओलांडली, रांगेत शेवटी उभा राहिलो. पुढच्या माणसानं वळून पाहिलं. माझंच जुनं गिऱ्हाईक होतं.

खलीलनं आमची आठशे गाणी पुसली आणि एकेक करून एकोणीस भरली. गयाबाई मनापासून खूश झाल्या. जाताना मला म्हणाल्या, "दादा, तुम्ही बी एखादं भरून घ्या यांच्याकडून. लई चांगलं लावून देतेत."

आता ते सगळं गेलं. नातवाच्या फोनला कार्डाची खाचच नाही. तो महिन्याचे पैसे भरतो आणि जगातलं कुठलंही गाणं वाजवतो, पुढचं कोणतं ते फोनच ठरवतो. माझ्या दुकानात फोनची कव्हरं आणि काचा मिळतात. महिन्यातून एखादा येतो, बिडकीनकडच्या कंपनीतला, शेडमध्ये नेट येत नाही म्हणणारा. त्याला मी दाखवतो: वायर संगणकाला लावायची, फोनवर फाइल पाठवण्याची परवानगी द्यायची, गाणी म्युझिकच्या फोल्डरात टाकायची, विनानेट वाजवणारं एखादं ॲप घ्यायचं. दहा मिनिटांचं काम. त्याला मी आधी विचारतो, "ऐकताना हात कशात असतात?" पोरं चमकून बघतात.

प्रश्न माझा नाही. खलीलची नजर अधू झाली आणि तो टेबल बंद करून लेकीकडे कन्नडला जायला निघाला, त्याच्या आदल्या आठवड्यात मी माझं कार्ड घेऊन त्याच्याकडे गेलो. रांगेत उभा राहून. त्यानं नवी का जुनी असं काही विचारलं नाही.

"साब, सुनते वख्त हात कशात असतात?"

"कशातच नाही," मी म्हणालो. "दुकानात बसलेला असतो. संगणकाकडे तोंड करून."

त्यानं मान हलवली, डोळे पडद्याला टेकवून एकेक गाणं शोधलं, बराच वेळ लावून भरलं. कार्ड माझ्या तळहातावर ठेवलं.

"और साब," तो म्हणाला, "वो आईना जरा सीधा करो. बारा साल से तुमको मेरा आधाच टेबल दिखता."

मी दुकानात आलो, स्टुलावर चढलो आणि आरसा सरळ केला. पूर्ण टेबल दिसायला लागलं, खलीलसकट. टेबल उचलून नेईपर्यंत सहा दिवस मी त्यात बघत त्यानं लावलेली गाणी ऐकली. बरोबर लावली होती.